पदे सोडणारा पॅलेस्टिनी नेता : डॉ. हैदर अब्देल शाफी

संपादक महोदय,

ऑक्टोबर २०२३ पासून गाझापट्टीच्या बातम्या आपल्या दैनिकाच्या देश-विदेशच्या पानावर जवळजवळ रोज येत आहेत आणि अमळनेरच्या वाचनालयात आम्ही त्या रोज वाचतो. या बातम्यांत पॅलेस्टिनी नेते म्हणून जी नावे येतात ती यासर अराफत, महमूद अब्बास आणि हमासचे पुढारी एवढ्यांवर संपतात. अल-शिफा रुग्णालयाची बातमी वाचून झाल्यावर एका वयस्क शेतकरी वाचकाने चष्मा काढून मला विचारले, ‘‘डॉक्टरसाहेब, त्यास्मा कोनी शहाना मानूस व्हताच नही का?’’ विचारण्यात हेटाळणी नव्हती, कळकळ होती. मी तिथे जे उत्तर दिले ते तुटक होते. ते नीट मांडता यावे म्हणून हे पत्र लिहीत आहे आणि ते पत्राच्या नेहमीच्या मर्यादेपेक्षा लांब झाले असले तरी शक्यतो काटछाट न करता छापावे, अशी विनंती आहे.

असा माणूस होता. त्याचे नाव डॉ. हैदर अब्देल शाफी. जन्म १९१९ चा, गाझा शहरातला; मृत्यू २५ सप्टेंबर २००७ रोजी, त्याच शहरात. ब्रिटिश अंमल, इजिप्तचा अंमल, इस्रायलचा ताबा, पॅलेस्टिनी प्राधिकरण (ऑस्लो करारानंतर आलेला पॅलेस्टिनींचा मर्यादित स्वशासनाचा कारभार) आणि अगदी शेवटच्या तीन-चार महिन्यांत हमासची सत्ता, अशा पाच राजवटी या माणसाने आपल्या एकाच गावात पाहिल्या. यांपैकी कोणत्याही राजवटीला तो सोयीचा वाटला नाही, आणि माझ्या मते त्याच्या चरित्राचे मर्म यातच आहे.

वडील इस्लामी वक्फाच्या कारभारातले, हेब्रॉनच्या इब्राहिमी मशिदीची जबाबदारी सांभाळलेले गृहस्थ होते. मुलाने मात्र वैद्यकाची वाट धरली. बैरुतच्या अमेरिकन विद्यापीठातून १९४३ मध्ये ते डॉक्टर झाले, याफाच्या नगरपालिका रुग्णालयात काही काळ राहिले आणि महायुद्ध संपता संपता गाझात येऊन त्यांनी स्वतःचा दवाखाना थाटला. ते ऐन तारुण्यात होते तेव्हाच्या काळाचा आपल्याकडचा संदर्भ द्यायचा तर १९३६ हे साल घ्यावे. त्या वर्षी पॅलेस्टाइनमधल्या अरबांनी ब्रिटिश राजवटीविरुद्ध सहा महिने सार्वत्रिक हरताळ पाळला आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात आपल्या फैजपूरला काँग्रेसचे पहिले ग्रामीण अधिवेशन भरले. दोन्हीकडची माणसे एकाच साम्राज्याशी झगडत होती. आपल्याला अकरा वर्षांनी स्वातंत्र्य मिळाले, त्यांच्या वाट्याला बारा वर्षांनी निर्वासन आले.

१९४८ मध्ये इस्रायलच्या स्थापनेच्या वेळी युद्ध पेटले तेव्हा गाझाच्या टापूत मूळ वस्ती ऐंशी हजारांच्या आसपास होती आणि तिच्यावर सुमारे दोन लाख निर्वासित येऊन आदळले. याचा अर्थ काय होतो हे ज्यांनी सरकारी आरोग्य केंद्रात काम केले आहे त्यांना वेगळे सांगायला नको. माझी सारी नोकरी चोपडा, यावल, शिरपूर या सातपुड्याच्या पायथ्याच्या तालुक्यांत गेली. पावसाळ्यात एखाद्या पाड्यावर हगवणीची साथ आली आणि दोन-अडीचशे माणसे एकदम खाटेला खिळली, तर सलाईन, ब्लीचिंग पावडर, पिण्याचे पाणी आणि हाताखालची माणसे यांची कशी तारांबळ उडते हे मी पाहिले आहे. तिथे तर एका शहराच्या आरोग्यव्यवस्थेवर तिच्या दुप्पट-अडीचपट उघड्यावरची माणसे आली होती आणि डॉक्टर हाताच्या बोटांवर मोजण्याइतके होते. अब्देल शाफी त्यांतले एक होते. पुढे पन्नासच्या दशकाच्या आरंभी शल्यचिकित्सेच्या शिक्षणासाठी ते अमेरिकेत ओहायो राज्यातल्या डेटन इथे गेले. तिथेच राहणे त्यांना अवघड नव्हते. ते परत आले आणि १९५७ ते १९६० या काळात गाझापट्टीच्या वैद्यकीय सेवेचे प्रमुख झाले. याच काळात संयुक्त राष्ट्रसंघाच्या शांतिसेनेतले भारतीय जवान गाझात तैनात होते, ही गोष्ट आपल्या वाचकांना ठाऊक असायला हवी. १९६७ च्या युद्धात त्यांतल्या काही जवानांना तिथेच वीरमरण आले.

राजकारणात ते डॉक्टर म्हणूनच आले. साठच्या दशकाच्या आरंभी गाझाच्या विधिमंडळाचे ते अध्यक्ष होते. १९६४ मध्ये जेरुसलेमला पॅलेस्टिनी राष्ट्रीय परिषदेची पहिली बैठक झाली, पॅलेस्टाइन मुक्ती संघटना स्थापन झाली आणि तिच्या पहिल्या कार्यकारिणीत ते होते. म्हणजे पॅलेस्टिनी राष्ट्रवादाच्या मुळाशीच हा माणूस आहे. अराफत त्या संघटनेचे अध्यक्ष झाले ते त्यानंतर पाच वर्षांनी, १९६९ मध्ये. १९६७ च्या जूनमध्ये इस्रायली फौजा गाझात शिरल्या तेव्हा अब्देल शाफी शिफा रुग्णालयात जखमींवर उपचार करत होते. नव्या लष्करी प्रशासनाशी सहकार्य करायला त्यांनी नकार दिला, म्हणून १९६९ मध्ये त्यांना सिनाईच्या वाळवंटात तीन महिने आणि १९७० मध्ये लेबनॉनमध्ये दोन महिने हद्दपार करण्यात आले. परतल्यावर १९७२ मध्ये त्यांनी गाझात पॅलेस्टिनी रेड क्रेसेंट संस्था उभी केली. बहुतेक मुस्लिम देशांत रेड क्रॉसचे काम रेड क्रेसेंट या नावाने चालते. तेच दवाखाने, तेच रक्तदान, तीच औषधे.

या संस्थेविषयी दोन ओळी जास्त लिहायला हव्यात. ताब्याखालच्या प्रदेशात सरकार आपले नसते, पालिका आपली नसते, न्यायालय आपले नसते. अशा ठिकाणी ज्या संस्थेत लोक आपणहून वर्गणी भरतात, सभासद होतात, मतदान करून कार्यकारिणी निवडतात, ती संस्था दवाखान्यापुरती उरत नाही. जानेवारी १९८० मध्ये धर्मवादी तरुणांच्या जमावाने याच संस्थेचे कार्यालय पेटवून दिले आणि ताबा असलेल्या लष्कराने ते वेळीच थांबवले नाही. एकीकडे लष्कराची वक्रदृष्टी आणि दुसरीकडे घरच्यांचीच आग, असा दुहेरी मार या डॉक्टरांनी सोसला. तरीही त्यांनी संस्था बंद केली नाही आणि गावही सोडले नाही. पुढे डिसेंबर १९८७ मध्ये गाझाच्याच जबालिया छावणीतून इंतिफादाचा उठाव सुरू झाला तेव्हा सत्तरीकडे झुकलेल्या या माणसाच्या शब्दाला जी किंमत होती, ती या अशा वर्षांतून कमावलेली होती.

जगाला ते माहीत झाले ते माद्रिदमुळे. ऑक्टोबर १९९१ च्या अखेरीस अमेरिका आणि सोव्हिएत संघ यांनी मिळून स्पेनच्या राजवाड्यात मध्यपूर्वेची शांतता परिषद भरवली. इस्रायलचे पंतप्रधान यित्झाक शामीर यांच्या अटी कडक होत्या : मुक्ती संघटनेचा माणूस चालणार नाही, पूर्व जेरुसलेमचा रहिवासी चालणार नाही, परागंदा पॅलेस्टिनी चालणार नाही, आणि जे येतील त्यांनी जॉर्डनच्या शिष्टमंडळाचा भाग म्हणून यावे. फैसल हुसेनी यांच्यासारखा मातब्बर नेता केवळ जेरुसलेमचा म्हणून अधिकृत शिष्टमंडळाबाहेर ठेवला गेला. या चाळणीतून उरलेल्यांचे नेतृत्व गाझाच्या या ७२ वर्षांच्या डॉक्टरांकडे आले. मी त्या दिवसांत रेडिओला कान लावून असे. बातमी सांगणाऱ्याने त्यांच्या नावाआधी ‘डॉक्टर’ म्हटले तेव्हा मला ती पदवी पीएच.डी.ची वाटली होती. दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रात ते शस्त्रक्रिया करणारे डॉक्टर असल्याचे वाचले आणि त्या माणसाविषयीचे माझे कुतूहल तिथून सुरू झाले.

३१ ऑक्टोबरला त्यांनी केलेले भाषण शिष्टमंडळाच्या प्रवक्त्या हनान अश्रावी यांच्या लेखणीतून उतरले होते. आम्ही पॅलेस्टाइनचे लोक आमची वेदना, आमचा अभिमान आणि आमची अपेक्षा यांच्यासह आपल्यापुढे उभे आहोत, अशी त्याची सुरुवात होती. त्यात दुःखाची मोजदाद होती. मात्र भाषण तिथेच थांबले नाही. इस्रायली जनतेलाही त्यांनी थेट उद्देशून शब्द टाकले, तिच्या भूतकाळातल्या यातनांची दखल घेतली आणि भूमी व भविष्य दोन्ही वाटून घ्यायला आम्ही तयार आहोत, फक्त वाटून घेणारे दोघे बरोबरीचे असले पाहिजेत, असे बजावले. आवाज चढला नाही. हातवारे नव्हते. पॅलेस्टिनी म्हणजे बंदूक, असेच चित्र वर्षानुवर्षे पाहिलेल्या जगापुढे एक पांढऱ्या केसांचा वैद्य उभा राहून शांतपणे बोलत होता, आणि त्या एका दिवसात पॅलेस्टिनी बाजूला जी सहानुभूती मिळाली ती अनेक वर्षांच्या विमान-अपहरणांनी मिळाली नव्हती, हे माझे ठाम मत आहे.

पुढची बोलणी वॉशिंग्टनला होती आणि डिसेंबर १९९१ मध्ये घोडे अडले ते दारातच. पॅलेस्टिनींचे म्हणणे होते की आमच्याशी वेगळे बोला, इस्रायलचे म्हणणे होते की जॉर्डनबरोबर या. परिणामी अमेरिकी परराष्ट्र खात्याच्या इमारतीत खोल्या सज्ज असताना इस्रायलचे एल्याकिम रुबिनस्टाइन, जॉर्डनचे अब्दुल सलाम मजाली आणि डॉ. अब्देल शाफी हे तिघे बाहेरच्या बोळात एका कोचावर बसून वाटाघाटी करत राहिले. ती फेरी संपली तरी कोणी खोलीत गेले नाही. बाहेरच्यांना हे हट्टीपणाचे वाटले असेल. परंतु ज्याच्या अस्तित्वालाच मान्यता नाही त्याने कोणत्या दारातून आत जायचे यावर अडून बसणे रास्तच होते, आणि पुढच्या महिन्यात पॅलेस्टिनींशी स्वतंत्र गटात बोलण्याचे मान्य करावे लागले, यात त्या अडून बसण्याचे फळ दिसते.

या वाटाघाटींत त्यांनी एकच मुद्दा शेवटपर्यंत लावून धरला : वसाहती. ताब्यातल्या जमिनीवर इस्रायली वसाहती वाढत असताना त्याच जमिनीविषयी बोलणी करण्यात अर्थ नाही, आधी बांधकाम थांबवा, असे ते म्हणत. जून १९९२ ची निवडणूक जिंकून यित्झाक राबिन जुलैत इस्रायलचे पंतप्रधान झाले, त्यांनी नव्या वसाहतींना आळा घालण्याची घोषणा केली, पण सुरू असलेली हजारो घरे पुरी होऊ दिली. याच प्रश्नावर अब्देल शाफींनी एप्रिल १९९३ मध्ये शिष्टमंडळाच्या नेतेपदाचा राजीनामा दिला. त्याच सुमारास त्यांच्या पाठीमागे, त्यांना पत्ता लागू न देता, नॉर्वेत अराफतांची मुक्ती संघटना आणि इस्रायल यांच्यात दुसरी बोलणी चालू होती. त्यांतून निघालेल्या ऑस्लो करारावर १३ सप्टेंबर १९९३ रोजी व्हाइट हाउसच्या हिरवळीवर सह्या झाल्या, राबिन आणि अराफत यांचे हस्तांदोलन साऱ्या जगाने पाहिले. अब्देल शाफींनी त्या कराराला उघड विरोध केला. त्यात वसाहती, जेरुसलेम, निर्वासित आणि सीमा हे प्रश्न पुढच्या अंतिम टप्प्यावर ढकलले होते आणि मधल्या काळात वसाहती वाढवू नयेत असे बंधन कुठेच नव्हते.

नंदुरबार जिल्ह्यातल्या अक्कलकुवा आणि अक्राणी तालुक्यांतली ३३ गावे सरदार सरोवराच्या बुडितात गेली. धरण आणि लष्करी ताबा या दोन गोष्टी मी एका मापाने मोजत नाही; त्या एक नाहीतच. परंतु ‘भिंत चढू द्या, जमिनीचे नंतर बघू’ या शब्दावर विसंबलेल्या माणसाचे काय होते हे तळोदा-शहाद्याकडच्या पुनर्वसन वसाहतींत जाऊन कोणीही विचारावे, आणि मग अब्देल शाफी कशाला भीत होते ते समजून घ्यायला पुस्तकाची गरज उरणार नाही. आकडे त्यांच्या बाजूने बोलतात. ऑस्लोच्या वेळी पूर्व जेरुसलेम वगळता वेस्ट बँकेत (जॉर्डन नदीच्या पश्चिमेकडच्या ताब्यातल्या प्रदेशात) सुमारे १ लाख १० हजार इस्रायली वसाहतकरी होते, २००० सालापर्यंत ते २ लाखांच्या आसपास गेले आणि आज ते ५ लाखांच्या वर आहेत. ज्या जमिनीवर राज्य उभे राहायचे होते तिचेच असे तुकडे पडत गेले. अराफतांना नोबेल मिळाले. खरे भाकीत मात्र गाझाच्या डॉक्टरांनी केले होते.

एवढा विरोध असूनही जानेवारी १९९६ मध्ये पॅलेस्टिनी विधान परिषदेची पहिली निवडणूक झाली तेव्हा ते घरी बसले नाहीत. ८८ जागांच्या त्या सभागृहात ते गाझा शहरातून सर्वाधिक मते घेऊन गेले. लोकांनी त्यांना निवडले ते पैसा, बंदूक किंवा टोळी पाठीशी आहे म्हणून नव्हे, कारण यांपैकी काहीच त्यांच्यापाशी नव्हते. सभागृहात त्यांनी जे मागितले ते साधे होते : अर्थसंकल्प वेळेवर मांडा, खर्चाचा हिशेब द्या, सभागृहाने केलेले कायदे प्राधिकरणाचे अध्यक्ष अराफत यांनी सहीविना पाडून ठेवू नयेत. १९९७ मध्ये प्राधिकरणाच्याच लेखापरीक्षणात ३२ कोटींहून अधिक डॉलरचा अपव्यय आणि गैरवापर उघड झाला, सभागृहाच्या समितीने मंत्रिमंडळ बरखास्त करण्याची शिफारस केली, आणि अराफतांनी ती बासनात गुंडाळली. त्या वर्षाच्या अखेरीस अब्देल शाफींनी सदस्यत्वाचा राजीनामा दिला. जिथे आपल्या असण्याने कारभारावर काडीचाही फरक पडत नाही तिथे खुर्ची धरून बसणे म्हणजे लोकांची फसवणूक आहे, अशी त्यामागची भूमिका होती. आपल्याकडे जिल्हा बँका आणि साखर कारखान्यांच्या संचालकपदासाठी काय काय होते ते रोज वाचणाऱ्या आम्हा वाचकांना ही भूमिका विचार करायला लावणारी आहे.

त्यांच्यावर टीका करायची तर तीही प्रामाणिकपणे करावी लागेल. पद सोडणे त्यांना जमले, संघटना बांधणे जमले नाही. प्रत्येक राजीनाम्यानंतर ते आपल्या दवाखान्याकडे आणि रेड क्रेसेंटकडे परतत आणि रिकामी झालेली जागा एक तर अराफतांच्या खुशमस्कऱ्यांनी भरून काढली, नाही तर हमासने. सामूहिक नेतृत्व हवे, लोकशाही पद्धतीने चालणारी चळवळ हवी, हे ते १९९३ पासून सांगत होते. पण ते प्रत्यक्षात आणण्यासाठी डॉक्टर असलेले कार्यकर्ते मुस्तफा बरघूती आणि विचारवंत एडवर्ड सईद यांच्यासह ‘पॅलेस्टिनी राष्ट्रीय पुढाकार’ ही आघाडी त्यांनी २००२ मध्ये काढली, तेव्हा ते ८३ वर्षांचे होते. त्या आघाडीचे बरघूती २००५ च्या अध्यक्षीय निवडणुकीत अब्बासांच्या खालोखाल, सुमारे वीस टक्के मते घेऊन दुसरे आले, ही काही लहान गोष्ट नव्हती. परंतु पुढच्याच वर्षी विधान परिषदेच्या १३२ पैकी ७४ जागा हमासला मिळाल्या आणि बरघूतींच्या यादीला दोन. हेच काम दहा वर्षे आधी हाती घेतले असते तर, असे मला राहून राहून वाटते. अर्थात तसे करू पाहणाऱ्याला लष्कराने आणि अराफतांनी कितपत मोकळे सोडले असते, हा प्रश्न उरतोच.

जून २००७ मध्ये गाझात अराफत-अब्बासांची फतह संघटना आणि हमास यांच्यात रस्त्यावर लढाई झाली, पॅलेस्टिनींनी पॅलेस्टिनींना मारले आणि गाझा व वेस्ट बँक यांचे राजकारण दुभंगले. कर्करोगाने आजारी असलेल्या ८८ वर्षांच्या अब्देल शाफींना ते पाहावे लागले. तीन महिन्यांनी ते गेले. ज्या शिफा रुग्णालयात त्यांनी १९६७ च्या जखमींवर उपचार केले त्याची नोव्हेंबर २०२३ आणि मार्च २०२४ च्या लष्करी कारवायांत काय अवस्था झाली, याची छायाचित्रे आपल्याच दैनिकाने छापली आहेत, ती मी इथे पुन्हा वर्णन करत नाही.

माझी तक्रार आपल्या एकट्या दैनिकाविषयी नाही. मराठीत पॅलेस्टाइनविषयी जे लिहिले जाते ते बहुधा दोन टोकांचे असते. एका बाजूला सारे पॅलेस्टिनी दहशतवादी ठरतात आणि दुसऱ्या बाजूला त्यांच्या नेत्यांच्या भ्रष्टाचाराविषयी आणि आपसातल्या क्रौर्याविषयी अवाक्षर निघत नाही. अब्देल शाफी या दोन्ही प्रकारच्या लेखनाला अडचणीचे आहेत. जमिनीच्या प्रश्नावर ते अराफतांपेक्षा कठोर होते आणि स्वकीयांच्या कारभाराविषयी इस्रायली टीकाकारांइतकेच परखड होते, आणि या दोन गोष्टी त्यांच्या मनात एकमेकींना छेद देत नव्हत्या. आपल्या तरुण वाचकांपुढे, विशेषतः मोबाइलवरच्या अर्ध्या मिनिटाच्या चित्रफितींवरून या प्रश्नाविषयी मत बनवणाऱ्या आमच्या महाविद्यालयांतल्या मुलामुलींपुढे, असे एक चरित्र सविस्तर यावे असे मला मनापासून वाटते. आमच्या तालुक्यात राज्यशास्त्र शिकवणारे चांगले प्राध्यापक आहेत, इंग्रजीवर उत्तम पकड असलेले निवृत्त शिक्षक आहेत; हे काम करायला माणसे कमी पडणार नाहीत.

म्हणून आपल्याला एक नेमकी विनंती करतो. रविवारच्या पुरवणीत माद्रिदच्या त्या भाषणाचा पूर्ण मराठी अनुवाद छापावा आणि त्याच्या शेजारी त्याच दिवशी, त्याच सभागृहात यित्झाक शामीर यांनी केलेले भाषणही पूर्ण छापावे, दोन्हींवर संपादकीय टिप्पणी न जोडता. अनुवादाचे काम आपण आमच्याकडे सोपवणार असाल तर वाचनालयाची मंडळी ते विनामूल्य करून देतील.

आपला,
एक निवृत्त वैद्यकीय अधिकारी,
अमळनेर (जि. जळगाव)